धागा: हॉलिवूडची हाणामारी हिंदीतच का रंगते? (कोल्हापूर कट्टा)

रंकाळा_रिटर्न्स

मोठा मारधाडपट लागला की कोल्हापुरात पहिला प्रश्न ठरलेला, “हिंदीचा शो कितीला हाय?” इंग्रजीचा खेळ शेजारच्या पडद्यावर असला तरी. ‘इंग्रजी कळत नाही म्हणून’ हे उत्तर मला पटत नाही. इंजिनिअरिंगची पुस्तकं इंग्रजीत वाचणारी, ऑफिसात दिवसभर इंग्रजीत ईमेल लिहिणारी पोरंही रविवारी हिंदीचंच तिकीट काढतात. कोर्टकचेरीचा किंवा घरगुती भांडणाचा सिनेमा असला की तीच पोरं मूळ इंग्रजी लावून सबटायटल्स वाचत बसतात. म्हणजे ही ओढ भाषेपेक्षा सिनेमाच्या प्रकाराशी बांधलेली दिसते.

माझा अंदाज असा: डबिंगला सगळ्यांत कमी अडथळे मारधाडपटातच येतात. वाक्यं तोकडी. नायक हेल्मेटात, खलनायक मुखवट्यात, तिसरा वॉकीटॉकीवर, चौथा पाठमोरा पळतोय. ओठ दिसतातच किती वेळ? त्यामुळे हिंदी लिहिणाऱ्याचे हात मोकळे राहतात आणि ऐकणाऱ्याला जोड दिसत नाही.

लेखन, ध्वनी, थिएटरची केबिन आणि घरचं सेटिंग यांतलं नेमकं ज्यांना माहीत आहे त्यांनी लिहावं. ‘आमच्या लहानपणी’ छापाच्या आठवणींना वेगळा धागा आहे.

कानसेन

अंदाज बरोबर आहे, पण अर्धाच. दुसरा अर्धा आपल्या कानात आहे.

हिंदी सिनेमा कित्येक दशकं स्वतःच डब केलेला होता. सेटवर कॅमेऱ्याची घरघर, लाइटवाल्यांच्या आरोळ्या, दिग्दर्शकाच्या सूचना, त्यामुळे तिथला आवाज फक्त पायलट म्हणून, म्हणजे नुसता संदर्भापुरता घ्यायचा. खरा आवाज नट नंतर स्टुडिओत उभा राहून द्यायचा. 2001 च्या ‘लगान’ने चित्रीकरणाच्या जागीच आवाज मुद्रित करण्याची पद्धत मोठ्या प्रमाणावर पुन्हा चर्चेत आणली, पण तोवर आपल्या दोन-तीन पिढ्यांचा कान घडून गेला होता. नट पन्नास फुटांवर डोंगरात उभा आहे आणि आवाज मात्र कानाशी, स्वच्छ, घुमारा नसलेला: याला आपण ‘सिनेमाचा आवाज’ म्हणतो. हॉलिवूडचा हिंदी डब नेमका तसाच ऐकू येतो. अमेरिकन प्रेक्षकाला असा आवाज चित्रावरून सुटलेला वाटेल, आपल्याला तो घरचा वाटतो.

मूळ इंग्रजी मिश्रणात कुजबुज खरोखर कुजबुजीइतकी हळू असते आणि शब्द अर्धे गिळलेले असतात. हिंदी डबमध्ये प्रत्येक अक्षर उच्चारलं जातं. कुणाला हा दोष वाटेल, पण समोसा फोडत बसलेल्या सभागृहात तो गुण ठरतो.

हाँगकाँगच्या कुंग-फू पटांचंही असंच. जुने बरेचसे पट सेटवर आवाज न घेताच चित्रित व्हायचे आणि मूळ भाषेतही नंतर डब व्हायचे. त्यामुळे हिंदीत आणताना ‘मूळ आवाज’ नावाची वस्तू हरवत नाही, कारण ती आधीच नव्हती.

पेठकरी

कोल्हापुरात ही चर्चा म्हणजे गंमतच. ‘अयोध्येचा राजा’ (1932) प्रभातने इथंच केला, मराठीत आणि हिंदीत. तेव्हा आवाज चित्रीकरणासोबतच मुद्रित व्हायचा, मागाहून दुसरी भाषा चढवायची सोय नव्हती. म्हणून तोच प्रसंग, तेच नट, एकदा मराठीत आणि एकदा हिंदीत. एका सिनेमाच्या जागी दोन सिनेमांची मेहनत! पुढच्या वर्षी प्रभात पुण्याला गेली, पण दोन भाषांत ओठ जुळवायचा सुरुवातीचा एक खटाटोप आपल्या मातीत झालाय, एवढं नोंदवून ठेवतो.

शब्दजुळवे

लेखनाकडून लिहितो, थोडं लांबेल.

संवादलेखकाकडे दोन गोष्टी येतात. एक, संवादांची वेळेसकट यादी, तीत कठीण शब्दांवर आणि विनोदांवर टिपा असतात. दुसरी, कामापुरतं चित्र: काळं-पांढरं, कमी दर्जाचं, प्रत्येक कोपऱ्यात वॉटरमार्क. मोठ्या मालिकांच्या सिनेमात तर सगळा पडदा काळा करून फक्त बोलणाऱ्याचा चेहरा गोलात उघडा ठेवतात, म्हणजे सिनेमा फुटायची भीती नको. लेखकाला समोर राक्षस आहे की हेलिकॉप्टर हेही काही वेळा यादीवरूनच समजून घ्यावं लागतं. पडद्यावर एक दिसतंय आणि संवादात दुसरंच चाललंय अशा काही चुकांचं मूळ इथं असतं.

मग ओठ. सगळी अक्षरं जुळवायची नसतात, जुळवायचे ते ओठ मिटणारे वर्ण: प, फ, ब, भ, म. इंग्रजीत ओठ मिटले त्या क्षणी हिंदीतही मिटले पाहिजेत. त्याखालोखाल महत्त्व वाक्याच्या सुरुवातीला आणि शेवटाला. मधल्या भागात थोडं पुढंमागं झालं तरी डोळा सोडून देतो.

उदाहरण घ्या. “व्हेअर इज द बॉम्ब?” चार अवयव (एका दमात उच्चारले जाणारे तुकडे), ओठ मिटतात शेवटी. सरळ हिंदी होईल “बम कहाँ है?” अवयव चारच, पण ओठ मिटले सुरुवातीला, आणि शेवटी नट तोंड मिटतोय तिथं आवाज ‘है’ म्हणून उघडा. म्हणून लिहायचं “कहाँ है बम?” झालं काम. डब हिंदीत वाक्यं उलटी, जरा शायराना का वाटतात याचं हे गुपित. हिंदीचं क्रियापद शेवटी आणि इंग्रजीचं मध्ये, त्यामुळे ज्या शब्दावर कॅमेरा चेहऱ्याजवळ जातो तो शब्द त्या जागी आणायला वाक्य फिरवावं लागतं. लोकांना त्या उलट्या वाक्यांचीच चटक लागली. गल्लीत नक्कल करताना पोरं तोच क्रम वापरतात.

“मूव!” ला “हटो” चालत नाही, ओठ मिटत नाहीत. “भागो” चालतं, भ ने म चं काम केलं. “शट अप” ला “बस, चुप!” हे तर देणगीच: दोन अवयव आणि शेवटी प. उलट “फ्रीज!” हा एकच अवयव, त्यात “हिलना मत” हे तीन बसवायचे म्हणजे कलाकाराला धाप लागते. तिथं दिग्दर्शक पाठमोरा शॉट शोधतो आणि ‘मत’ त्यात ढकलतो. पाठमोरा शॉट ही डबिंगवाल्याची खरी चैन. मुळात नसलेला एखादा जादा टोमणा ऐकू आला तर बघा, नक्की नायक पाठमोरा असेल किंवा मास्कमध्ये.

ओठमोजणी

शब्दजुळवे यांच्या मुद्द्याला आकड्यांची जोड. सिनेमा सेकंदाला 24 चौकटी, म्हणजे एक चौकट साधारण 42 मिलिसेकंद. आवाज चित्राच्या मागे पडला तर माणूस बराच वेळ सहन करतो, पण आधी आला तर लगेच खटकतो. आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघटनेच्या शिफारशीत फरक जाणवण्याची सीमा आवाज पुढे असल्यास 45 आणि मागे असल्यास 125 मिलिसेकंद अशी दिली आहे. कारण रोजच्या जगण्यात प्रकाश आधी आणि आवाज नंतर पोचतो, रंकाळ्याच्या पलीकडचा फटाका आधी दिसतो आणि मग ऐकू येतो. त्यामुळे शब्द बसत नसेल तर संकलक तो एक-दोन चौकटी उशिरा ठेवतो, लवकर कधीच नाही.

तांबडा_पांढरा

लय भारी माहिती. पण ‘तू-तुम-आप’ चं काय? इंग्रजीत सगळ्यांना एकच ‘यू’.

शब्दजुळवे

चांगला विचारलात. तिथं लेखक अख्खं नातं ठरवतो. नायक खलनायकाला पहिल्या भेटीत ‘आप’ म्हणाला तर ती थंड धमकी होते, ‘तू’ म्हणाला तर सरळ वैर. मूळात नसलेला एक थर हिंदीत आपोआप चढतो, आणि आपल्या प्रेक्षकाला तो फार आवडतो. तिसऱ्या भागात ‘तुम’ वरून ‘तू’ वर घसरला की शिट्टी पडते! इंग्रजीत ती जागाच नाही.

पण हे सांभाळायला प्रत्येक मालिकेचा तक्ता ठेवावा लागतो: कोण कुणाला काय म्हणतो, शस्त्रांची नावं, संघटनांची नावं, ठरलेली वाक्यं. पुढच्या भागाला लेखक बदलला आणि तक्ता पाहिला नाही तर दोन सख्खे मित्र अचानक ‘आप आइए’ करू लागतात.

आणखी एक फजितीची जागा म्हणजे दोन भाषांचे प्रसंग. मूळात नायक इंग्रजी, समोरचा रशियन, मध्ये दुभाषा. डबमध्ये दोघंही हिंदी बोलायला लागले तर दुभाषा काय करतोय? शहाणा दिग्दर्शक रशियन तसंच ठेवतो आणि खाली पट्टी देतो. आळशी दिग्दर्शक सगळं हिंदी करतो, आणि “तुम मेरी भाषा जानते हो?” हे वाक्य हिंदीतून हिंदीत विचारलं जातं.

कानसेन

हिंदीच्या प्रतीबद्दल एक मुद्दा सुटतोय. डबची हिंदी बोलीविरहित असते. हल्लीच्या हिंदी सिनेमात हरियाणवी, भोजपुरी, लखनवी बाज असतो, तो आपल्याकडं पन्नास टक्के डोक्यावरून जातो. डबची हिंदी सपाट, मुंबईच्या स्टुडिओत घडलेली, तीही बऱ्याचदा मराठी माणसांच्या तोंडून. मार्व्हलपटांतला खलनायक थॅनॉस निनाद कामत यांच्या आवाजात सगळ्यांना पाठ आहे. संकेत म्हात्रे आणि चेतन सशितल हीही या धंद्यातली मोठी नावं. मराठी कानाला ती हिंदी अडत नाही यात नवल काय?

रंकाळा_रिटर्न्स

मग सिनेताऱ्यांकडून आवाज घेतात ते चांगलं की वाईट? 2016 च्या ‘द जंगल बुक’मध्ये नाना पाटेकर, इरफान खान, ओम पुरी, प्रियांका चोप्रा, शेफाली शाह अशी फौज होती.

शब्दजुळवे

तो अपवाद म्हणून बघा. बोलणारे प्राणी होते, माणसाच्या ओठांचं बंधन सैल होतं. शिवाय मयूर पुरी यांनी संवाद भाषांतर न करता नव्याने लिहिले. नानांचा शेर खान तर 90 च्या दशकातल्या दूरदर्शनवरच्या मोगलीपासून लोकांच्या कानात बसलेला. अमेरिकेच्या एक आठवडा आधी, 8 एप्रिलला सिनेमा इथं लागला होता.

मारधाडपटात मात्र ताऱ्याचा आवाज घातक ठरू शकतो. परका चेहरा बोलतोय आणि मनात दुसराच चेहरा दिसतोय. राजेश खट्टर यांनी टोनी स्टार्कला (आयर्न मॅनला) दिलेला आवाज का टिकला? भाग बदलले तरी चेहऱ्यामागे तोच गळा राहिला. एका सिनेमापुरता तारा आणला की पुढच्या भागात आवाज बदलतो, आणि प्रेक्षकाला नायकच बदलल्यासारखं वाटतं. पोस्टरवर नाव छापायला मिळतं, एवढाच फायदा.

मिक्सरवाला

ध्वनीची बाजू. स्टुडिओकडे मूळ सिनेमाचे संवाद काढून टाकलेला पट्टा येतो, संगीत आणि परिणामध्वनी तेवढे. धंद्यात त्याला ‘एम अँड ई’ म्हणतात. सेटवरच्या संवादासोबत पावलांचा, कपड्यांचा, पेला ठेवल्याचा आवाजही मुद्रित झालेला असतो. संवाद काढला की तोही जातो, म्हणून तो नव्याने करून भरावा लागतो. मोठ्या सिनेमांत हे काम चोख असतं. स्वस्त सिनेमात ते अर्धवट राहतं आणि मग डबमध्ये माणसं बोलताना बूट वाजतात, बोलणं थांबलं की बूटही थांबतात. ‘पोकळ’ वाटतं ते यामुळं.

कलाकार बूथमध्ये एकटाच असतो. कानात मूळ इंग्रजी, समोर चित्र, आणि एक-एक वाक्य घेत जायचं. समोरचं पात्र दुसऱ्या दिवशी दुसराच कुणी येऊन बोलतो. म्हणून भांडणात तापमान जुळत नाही: एक बेंबीच्या देठापासून ओरडतोय आणि दुसरा टपरीवर चहा मागितल्यासारखं उत्तर देतोय. दिग्दर्शक चांगला असेल तर आधी झालेला समोरचा ट्रॅक कलाकाराच्या कानात सोडतो.

ओरडायच्या वाक्याला माइकपासून मागं सरायचं आणि गेन, म्हणजे माइकचा आवाज उचलण्याचा जोर, कमी करायचा. काहीजण दबक्या आवाजात बोलून गेन वाढवतात, शेजारचं बूथ बिघडू नये म्हणून म्हणा किंवा घसा वाचवायला म्हणा. पण ओरडताना गळ्याची जात बदलते, ती नुसत्या गेनने येत नाही. स्फोटातून पळणारा नायक स्वयंपाकघरातून बोलल्यासारखा वाटतो तो त्यामुळे.

ठोसे, धापा, कण्हणं: हे कधी मूळ नटाचंच ठेवतात, कधी नवं करतात. मूळचं ठेवलं तर मार खाताना एक गळा आणि बोलताना दुसरा. नीट ऐका, खालच्या पट्टीचा भारदस्त हिंदी नायक कण्हतो मात्र पातळ आवाजात.

रेडिओवरचा आवाज करायचा तर 300 हर्ट्झच्या खालचं आणि 3400 च्या वरचं छाटायचं, जुन्या टेलिफोनचा पट्टा तो. यात दर्जाच्या बऱ्याच चुका झाकल्या जातात. मारधाडपटात निम्मं बोलणं इअरपीसवर, म्हणून डब इथं खपून जातो. रंकाळा यांचा पहिला मुद्दा इथं पुरता सिद्ध होतो.

उजळाईवाडी_एक्सप्रेस

भावांनो, अमुक सिनेमाची हिंदी फाइल कुणाकडं हाय का? लिंक टाका की.

संयोजक

चोरीच्या फाइलींच्या लिंका इथं चालत नाहीत. पुन्हा मागितली तर प्रतिसाद उडेल.

केबिनमधला

थिएटरच्या बाजूने चार गोष्टी.

सिनेमा हार्ड डिस्कवर किंवा उपग्रहावरून फाइलींचा गठ्ठा होऊन येतो. चित्र एकदाच, इंग्रजी आवाजासकट मूळ गठ्ठ्यात. हिंदीचा गठ्ठा बऱ्याचदा नुसत्या आवाजाचा आणि मोजक्या बदललेल्या चित्रांचा असतो, तो मूळ गठ्ठ्यावर टेकून चालतो. सर्व्हरवर आधी मूळ चढवलं नाही आणि फक्त हिंदीचा चढवला, तर तो लागत नाही. शुक्रवारी सकाळच्या पहिल्या खेळाला उशीर होण्याचं हे एक नेहमीचं कारण.

दुसरं, कुलूप. प्रत्येक आवृत्तीला स्वतंत्र डिजिटल किल्ली असते, ती त्या सर्व्हरपुरती आणि ठरावीक तारीख-वेळेपुरती. इंग्रजीची किल्ली आली म्हणजे हिंदी उघडेल असं नाही. आदल्या रात्री दोन्हींची मुदत तपासायची आणि शेवटची दहा मिनिटं चालवून बघायची, सुरुवातीची नव्हे. सुरुवात सगळेच बघतात.

तिसरं, नाव. फाइलच्या नावात भाषेच्या जागी एचआय म्हणजे हिंदी, ईएन म्हणजे इंग्रजी, पुढं आवाजाचा प्रकार: 51, 71 किंवा डोक्यावरूनही आवाज देणारा ॲटमॉस. घाईत प्लेलिस्टमध्ये ईएन ओढली गेली की हिंदीच्या तिकिटावर इंग्रजी सुरू, आणि मग केबिनच्या काचेवर टकटक. प्रेक्षकाने ओळखायची खूण सोपी: सुरुवातीला सेन्सॉरचं प्रमाणपत्र 10 सेकंद दिसतं, त्यावर भाषा लिहिलेली असते. डब आवृत्तीचं प्रमाणपत्र वेगळं असतं. तिथंच इंग्रजी दिसलं तर लगेच उठून सांगा, अर्ध्या तासाने सांगून उपयोग नाही.

चौथं, आवाजाची पातळी. केबिनमधल्या आवाजाच्या प्रोसेसरवर 7 ही प्रमाण पातळी, तिथं पडद्यामागच्या प्रत्येक स्पीकरचा चाचणी-आवाज 85 डेसिबल यायला हवा. जाहिराती मोठ्या येतात, लोक तक्रार करतात, ऑपरेटर 5 वर आणतो आणि सिनेमाला परत वाढवायला विसरतो. 4 च्या वर दर आकड्याला 3.3 डेसिबल, म्हणजे साडेसहा डेसिबल गायब. इंग्रजी आवृत्तीतले हळू संवाद यात बुडतात, हिंदीतले तरंगतात, कारण हिंदीचे संवाद सहसा आधीच चढवून मिसळलेले असतात. ‘हिंदीत आवाज चांगला’ हे मत बनायला हेही एक कारण.

थ्रीडी घेणाऱ्यांसाठी: टूडीला पडद्यावर 14 फूट-लॅम्बर्ट उजेड अपेक्षित, थ्रीडीत चष्म्यातून साधारण साडेचार पोचतो. रात्रीच्या हाणामारीचा सिनेमा असेल तर हिंदी टूडीचा खेळ शोधा.

तालीमवाला

तालमीच्या हॉलमध्ये दीडशे माणसांना सिनेमा दाखवायचा झाला तर? 40 बाय 60 फूट हॉल, दोन 15 इंची टॉप स्पीकर, एक सब (खर्जाचा स्पीकर), छोटा मिक्सर, लॅपटॉप. बंदुका दणक्यात ऐकू येतात, बोलणं मात्र येतच नाही.

मिक्सरवाला

दोनपैकी एक कारण असणार.

एक: प्लेअर 5.1 (पाच स्पीकर आणि एक सब यांचा वेगवेगळा आवाज) सोडतोय आणि तुम्ही फक्त डावा-उजवा घेताय. संवाद असतात मधल्या चॅनेलवर, तो कुठंच जोडलेला नाही. प्लेअरमध्ये आणि लॅपटॉपच्या ध्वनी सेटिंगमध्ये दोन्हीकडं ‘स्टिरिओ’ करा. मग मधला चॅनेल 3 डेसिबल कमी होऊन दोन्हींत वाटला जातो.

दोन, आणि हेच जास्त वेळा असतं: वायर. लॅपटॉपच्या छोट्या जॅकवरून मोठ्या स्टिरिओ जॅकची वायर मिक्सरच्या एकाच बॅलन्स्ड खाचेत खुपसलेली असते. ती खाच दोन टोकांमधला फरक घेते. डावा वजा उजवा केला की दोन्हींत सारखं असलेलं सगळं नाहीसं होतं, म्हणजे संवाद! उरतात आजूबाजूचे स्फोट आणि संगीताचा फुगवटा. छोट्या स्टिरिओ जॅकवरून दोन मोठे मोनो जॅक निघणारी वायर घ्या, दोन वेगळ्या चॅनेलवर लावा, दोन्हींचा पॅन (डावीउजवीकडे वळवायचा खुंटा) मध्यावर.

नंतर इक्वलायझर: 250 ते 400 हर्ट्झ 3-4 डेसिबल खाली, 2 ते 4 किलोहर्ट्झ 2-3 डेसिबल वर. फरशी आणि पत्र्याच्या हॉलमध्ये याहून जास्त चढवलं तर स आणि श टोचतात. भिंतींवर तालमीतल्याच सतरंज्या टांगल्या तर इक्वलायझरपेक्षा जास्त फरक पडतो.

पुढंमागं मैदानावर मांडत असाल तर मागच्या स्पीकरला विलंब द्या. आवाज सेकंदाला साधारण 343 मीटर जातो, 20 मीटर मागच्या जोडीला 58 मिलिसेकंद, वर आणखी 10-15 म्हणजे आवाज पडद्याकडूनच आल्यासारखा वाटतो. विलंब न देता मागचे स्पीकर लावले की मागच्या रांगांना प्रत्येक वाक्य दोनदा ऐकू येतं.

संयोजक

यात भर: घरगुती ओटीटी खातं किंवा विकत घेतलेली डिस्क जाहीर खेळाला चालत नाही, हक्कधारकाकडून वेगळा परवाना लागतो. आणि उघड्यावर ध्वनिक्षेपक रात्री 10 नंतर बंद.

तांबडा_पांढरा

घरी टीव्हीवर हिंदी लावलं की ओठ मागंपुढं वाटतात. डबच तसा असतो का माझ्या साउंडबारचा दोष?

ओठमोजणी

ओठांकडं बघूच नका. बंदुकीची गोळी, दार आपटणं, टेबलावर ग्लास ठेवणं बघा. हे आवाज दोन्ही भाषांत तेच असतात. गोळीचा उजेड आणि आवाज एकदम येतोय पण ओठ चुकतायत, तर तो डब. गोळीही उशिरा ऐकू येतेय, तर यंत्र. मग आवाजाची भाषा इंग्रजी करून तोच प्रसंग परत लावा, गोळी तितकीच उशिरा असेल तर खात्री झाली.

यंत्राचा दोष असेल तर आधी ब्लूटूथ सोडा, त्यात सहज शे-दोनशे मिलिसेकंद जातात. टीव्हीच्या एचडीएमआय एआरसी खाचेतून वायरने जोडा. तरीही आवाज मागे असेल तर टीव्हीतला आवाजाचा विलंब शून्यावर आणा. उलट आवाज पुढे धावत असेल तर टीव्हीचं चित्र-प्रक्रियेचं काम वेळ खातंय: गेम मोड लावा किंवा चित्र गुळगुळीत करणारं सेटिंग बंद करा. नाहीच जमलं तर साउंडबारमध्ये 20-20 मिलिसेकंदांनी विलंब वाढवत जा.

संवाद बारीक वाटत असतील तर साउंडबारचा मधला चॅनेल 2-3 डेसिबल वर, आणि रात्री ‘नाइट मोड’. ओटीटीवर एक पाहून घ्या: काही सिनेमांना इंग्रजी 5.1 किंवा ॲटमॉस असतो आणि हिंदी नुसता स्टिरिओ. तिथं साउंडबार कितीही महाग असो, हेलिकॉप्टर डोक्यावरून जाणार नाही.

पेठकरी

जुन्या व्हीसीडीतले हिंदी नायक किनऱ्या आवाजात का बोलायचे?

ओठमोजणी

सिनेमा 24 चौकटींचा, आपला टीव्ही 25 चा. व्हीसीडी करताना सिनेमा तसाच जरा वेगात पळवायचे. दोन तासांचा सिनेमा 115 मिनिटांत संपतो आणि आवाज चार टक्के, म्हणजे पेटीच्या एका पट्टीहून थोडा कमी चढतो. भारदस्त गळा थोडा पातळ होतो. त्यातून चित्र-आवाज दाबून दोन डिस्कमध्ये बसवलेले.

रंकाळा_रिटर्न्स

शेवटचा प्रश्न, आणि मुद्दाम राखून ठेवला होता. हे सगळं मराठीत का नको? 1994 ला ‘ज्युरासिक पार्क’ हिंदीत आला तेव्हापासून तीस वर्षं आपण हिंदीवरच चाललोय.

केबिनमधला

हिशेब. मराठी माणसाला हिंदी कळतं हे वितरकाला ठाऊक आहे. तमिळ-तेलुगूला डब केला नाही तर प्रेक्षक जातो, मराठीला केला नाही तरी तो हिंदीच्या खेळाला येतोच. वेगळं लेखन, कलाकार, मिश्रण, प्रमाणपत्र, किल्ल्या हा सगळा खर्च करून नवं तिकीट विकलं जात नसेल तर कोण करेल?

शब्दजुळवे

हिशेब मान्य. पण ‘मराठी ओठांवर बसत नाही’ असं जे म्हणतात ते चूक आहे. पुस्तकी मराठी बसत नाही. ‘कुठे आहे तो बॉम्ब’ म्हणजे सहा अवयव. आपल्याकडचं “कुठंय तो बाँब?” मोजा: चार, आणि ओठ शेवटी मिटले. “शट अप” ला “ए, गप!”. आता “स्टॉप!” घ्या. हिंदीला इथं काही सापडत नाही, “रुको” म्हणताना शेवटी ओठ उघडेच राहतात. मराठीत “थांब!” एकच अवयव, तोच आ, आणि शेवटी ब. चेहऱ्याजवळचा शॉट असला तरी केस हलणार नाही.

तांबडा_पांढरा

व्हय की! मग “फायर!” ला काय टाकायचं? “हाण!”?

ओठमोजणी

“हाण” ला फ नाही. खालचा ओठ दातांना लागलेला दिसतो, तिथं फसेल.

पेठकरी

“फोड!”

शब्दजुळवे

फ मिळाला, पण ओ ला ओठ गोल होतात आणि नटाचं तोंड आ वासलेलं आहे. लांबच्या शॉटला चालेल, जवळच्याला नाही.

तांबडा_पांढरा

“फाड!”

शब्दजुळवे

घेतला. रेकॉर्डिंगला या.